पॅसिफिक कोस्ट लीगचे हॉल ऑफ फेम: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

हे हॉल ऑफ फेम नेमके कोणाचे?

पॅसिफिक कोस्ट लीगचे. अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर १९०३ पासून खेळली जाणारी ही बेसबॉलची मायनर लीग, म्हणजे सर्वोच्च पातळीच्या मेजर लीगच्या खालची. पहिल्या हंगामात सहा शहरांचे संघ होते: लॉस एंजेलिस, सॅन फ्रान्सिस्को, ओकलंड, सॅक्रामेंटो, पोर्टलंड आणि सिएटल. पहिले वर्ष लीगने संघटित बेसबॉलच्या, म्हणजे मेजर आणि मायनर लीगांनी आपसांत करार करून बांधलेल्या चौकटीच्या, बाहेर राहूनच काढले. १९०४ मध्ये ती त्या चौकटीत आली, पण अंगातला ताठा काही गेला नाही. या लीगमध्ये नाव काढलेल्या खेळाडूंची, मॅनेजरांची आणि कारभाऱ्यांची नोंद म्हणजे हे हॉल ऑफ फेम.

बेसबॉलचे ओ की ठो कळत नाही. तरी वाचू का?

जरूर वाचा. एवढे लक्षात ठेवले की पुरे: चेंडू टाकतो तो पिचर, मारतो तो बॅटर. मारून सुखरूप बेसवर (मैदानातल्या ठरावीक टप्प्यावर) पोचला तर हिट, आणि चेंडू कुंपणापार गेला तर होम रन. बॅटरची सरासरी हजाराच्या हिशेबात मांडतात. .३०० म्हणजे दहा संधींत तीन हिट, आणि हा आकडा चांगल्या बॅटरचा. .४०० चा हंगाम एखाद्याच्या उभ्या आयुष्यात एकदा आला तर आला. पिचरच्या नावापुढे त्याने जिंकून दिलेले आणि हरलेले सामने लिहितात.

मायनर लीग म्हणजे खालची पायरी. तिला हॉल ऑफ फेम कशाला?

सर्वांत जास्त विचारला जाणारा प्रश्न हाच, म्हणून जरा सविस्तर.

आज मायनर लीग म्हणजे मेजर लीगच्या क्लबांनी चालवलेली तालीम. तीस मोठे क्लब, प्रत्येकाच्या हाताखाली चार स्तरांवरचे चार संघ, म्हणजे एकूण १२० संघ. आपल्या डोक्यात हेच चित्र असते आणि ते आपण शंभर वर्षे मागे नेऊन बसवतो. तिथेच गल्लत होते.

१९५५ मध्ये कॅन्सस सिटीला क्लब मिळेपर्यंत मेजर लीगचे सर्वांत पश्चिमेकडचे शहर होते मिसिसिपीकाठचे सेंट लुईस. त्याच्या पुढे रॉकी पर्वत, वाळवंट, कॅलिफोर्निया आणि समुद्र, एवढ्या मोठ्या मुलखात मेजर लीगचा एकही क्लब नव्हता. न्यूयॉर्कहून लॉस एंजेलिसला आगगाडीने जायला तीन-चार दिवस लागत. विमान सोयीचे आणि परवडणारे होईपर्यंत दोन्ही किनाऱ्यांचे मिळून एक वेळापत्रक बसवणे शक्यच नव्हते. त्यामुळे सॅन फ्रान्सिस्कोच्या माणसाला ‘आपला संघ’ म्हणजे सील्स. न्यूयॉर्क यांकीज ही त्याने वर्तमानपत्रात वाचायची गोष्ट.

आणि हा मुलूख श्रीमंत होता. हवा अशी की मार्च-एप्रिलपासून पार ऑक्टोबर-नोव्हेंबरपर्यंत खेळता येई. हंगाम लांब म्हणजे पगाराचे महिनेही जास्त. वर मेजर लीगमध्ये बाकावर बसून राहण्यापेक्षा इथे रोज खेळून तितकेच किंवा अधिक पैसे मिळत. घर जवळ, हवामान उत्तम, रस्त्यावर लोक ओळखतात. अशा माणसाला ‘वर’ जायची घाई कशाला असेल? कित्येक जण गेले, पाहून आले आणि पुन्हा इथेच रमले. १९४६ मध्ये सील्सच्या मैदानावर हंगामभरात सुमारे ६ लाख ७० हजार प्रेक्षक आले. त्याच वर्षी मेजर लीगमधल्या सेंट लुईस ब्राउन्सला एवढे जमले नव्हते.

आपल्याकडचे उदाहरण द्यायचे तर पद्माकर शिवलकरांचे. प्रथम श्रेणीत ५८९ बळी, आणि कसोटी एकही नाही, कारण त्याच काळात त्याच जातीची गोलंदाजी करणारा बिशनसिंग बेदी संघात होता. मुंबईच्या मैदानांवर ज्यांनी शिवलकरांना पाहिले त्यांना त्यांचा मोठेपणा समजून घ्यायला कसोटीची टोपी लागली नाही. हे हॉल ऑफ फेम बव्हंशी अशा माणसांचे आहे. किनाऱ्यावरच्या लोकांनी त्यांना डोळ्यांनी पाहिले, आणि तीच त्यांची पात्रता.

मग कूपरस्टाउनच्या हॉल ऑफ फेमशी याचा संबंध काय?

कारभाराचा काही नाही. न्यूयॉर्क राज्यातल्या कूपरस्टाउन गावातले राष्ट्रीय हॉल ऑफ फेम १९३९ मध्ये खुले झाले. तिथे मेजर लीगची कामगिरी मोजतात, आणि मायनर लीगमधल्या तीन हजार हिट्सचे तिथे वजन पडत नाही. काही नावे दोन्हीकडे सापडतात, पण कारणे वेगळी. कूपरस्टाउनमधला जो डिमॅजिओ यांकीजचा, इथला सील्सचा.

हे सुरू कोणी केले?

एका बेकरीवाल्याच्या पैशावर. लॉस एंजेलिसजवळ कल्व्हर सिटीत पॉल हेल्म्स यांची पावाची मोठी बेकरी होती. १९३६ मध्ये बिल श्रोडर या क्रीडावेड्या माणसाने त्यांना गळ घातली आणि हेल्म्स अ‍ॅथलेटिक फाउंडेशन उभे राहिले. वेगवेगळ्या खेळांतल्या उत्तम खेळाडूंची निवड करायची, त्यांना पुरस्कार द्यायचे, करंडक आणि वस्तू जपून ठेवायच्या, असा तो व्याप. त्यातूनच १९४२ मध्ये पॅसिफिक कोस्ट लीगचे हॉल ऑफ फेम स्थापन झाले आणि १९४३ मध्ये पहिली तुकडी निवडली गेली. ऐन महायुद्धातले हे दिवस. देशातले निम्मे खेळाडू गणवेशात असताना कोणाला तरी जुन्या फलंदाजांची यादी करावीशी वाटली, याचे मला फार कौतुक वाटते.

१९५७ नंतर हे काम थंडावले. का, ते पुढे येईलच. २००३ मध्ये लीगची शंभरी साजरी झाली तेव्हा ते पुन्हा सुरू केले, आणि मधल्या काळात राहून गेलेली जुनी नावेही आत घेतली.

आकडे एवढे अवाढव्य कसे? कुठे तरी छापखान्याची चूक तर नाही ना?

नाही, खरेच आहेत. १९०५ मध्ये सील्सने एका हंगामात २३० सामने खेळले. आज मेजर लीगचा हंगाम १६२ सामन्यांचा असतो. पुढेही कित्येक वर्षे या लीगमध्ये १८०-२०० सामने ही रोजची गोष्ट होती.

त्यात सॉल्ट लेक सिटीची भर. हे शहर समुद्रसपाटीपासून तेराशे मीटरच्या आसपास उंचावर, हवा विरळ, मारलेला चेंडू पुढेच जात राहतो. तिथल्या बीज संघाच्या पॉल स्ट्रँडने १९२३ मध्ये ३२५ हिट्स मारले. दोन वर्षांनी त्याच संघाच्या टोनी लाझेरीने १९७ सामन्यांत ६० होम रन मारले आणि आपल्या फटक्यांवर संघासाठी २२२ धावांची वसुली केली. संघटित बेसबॉलमध्ये एका हंगामात ६० होम रन मारणारा तो पहिला. यांकीजच्या बेब रूथचे गाजलेले ६० आले १९२७ मध्ये, आणि तेव्हा त्याच यांकीज संघात लाझेरी सेकंड बेसवर उभा होता.

पण सगळेच उंचीवर ढकलता येत नाही. सॅन फ्रान्सिस्को समुद्रकाठी आहे, हवा थंड आणि दमट. तिथे मिशन रेड्स नावाचा दुसरा क्लब होता. त्याच्या आयक बूनने १९२९ मध्ये .४०७ सरासरी, ५५ होम रन, ३२३ हिट्स असा हंगाम केला. त्या वर्षी त्याच्या हिट्समधून मिळालेले बेस मोजले तर ५५३ भरतात, आणि व्यावसायिक बेसबॉलमध्ये आजवर कोणालाही एका हंगामात हा आकडा गाठता आलेला नाही. १९३३ मध्ये त्याच क्लबच्या ऑक्स एकहार्टची सरासरी होती .४१४, आणि लीगचा विक्रम तोच.

जुने आकडे वाचताना सामन्यांची संख्या आणि मैदान या दोन गोष्टी आधी बघाव्यात. त्या वजा करूनही बरेच काही शिल्लक राहते.

वर न चाललेल्यांची सोय म्हणून हे हॉल ऑफ फेम आहे, असे म्हणतात. खरे आहे का?

अर्धवट खरे, आणि म्हणूनच चुकीचे. तीन माणसे घेऊ. तिघेही या हॉल ऑफ फेममध्ये आहेत, तिघांच्या गोष्टी वेगळ्या.

फ्रँक शेलेनबॅक हा पिचर. त्याचे हत्यार स्पिटबॉल, म्हणजे थुंकीने ओला केलेला चेंडू. ओल्या बोटांवरून चेंडू निसटतो, गिरकी जवळजवळ घेत नाही आणि बॅटरजवळ येऊन अचानक खाली पडतो. १९२० मध्ये मेजर लीगने या प्रकारावर बंदी घातली. मात्र ज्यांचे पोट त्यावरच होते अशा सतरा पिचरांना कारकीर्द संपेपर्यंत सूट दिली. शेलेनबॅक त्याआधी शिकागो व्हाइट सॉक्सकडून खेळला होता, पण यादी झाली तेव्हा तो मायनर लीगमध्ये होता. यादीत नाव नाही, म्हणजे वरचा दरवाजा कायमचा बंद. किनाऱ्यावर मात्र त्याला हा चेंडू टाकायला परवानगी होती. त्याने १९३८ पर्यंत इथे खेळून २९५ सामने जिंकून दिले. लीगच्या इतिहासात एवढे कोणाचेच नाहीत. १९३१ मध्ये हॉलीवूडकडून त्याचा हिशेब २७ विजय, ७ पराभव. याला ‘वर चालला नाही’ म्हणायचे? त्याला वर उभेच राहू दिले नाही.

जिगर स्टॅट्झ सेंटर फिल्डचा खेळाडू. शिकागो कब्ज, ब्रुकलिन अशी मेजर लीगमध्ये ७३७ हिट्सची बरी कारकीर्द त्याने केली. पण घर एकच: लॉस एंजेलिस एंजल्स. अठरा हंगाम, मायनर लीगमध्ये दुसऱ्या कोणत्याही क्लबचा शर्ट अंगावर नाही. एंजल्सकडून ३,३५६ हिट्स. दोन्हीकडचे मिळून ४,०९३. चेंडू हाताला जाणवावा म्हणून त्याने ग्लोव्हचा तळव्याकडचा भाग कापून टाकला होता. त्याचा संघ १९३४ मध्ये १३७ सामने जिंकला आणि फक्त ५० हरला. हंगामाचे दोन्ही भाग त्यांनीच जिंकल्यामुळे अंतिम मालिकेला प्रतिस्पर्धीच उरला नाही. शेवटी बाकीच्या सगळ्या क्लबांतले निवडक खेळाडू एकत्र करून त्यांच्याशी खेळवले. एंजल्सने त्यांनाही हरवले. मायनर लीगचा आजवरचा सर्वोत्तम संघ कोणता, या वादात हे नाव पहिल्यांदा येते.

तिसरा बझ आर्लेट, आणि माझ्या मते या यादीतला सर्वांत चटका लावणारा. ओकलंड ओक्सकडे तो आला पिचर म्हणून. १९२० मध्ये २९ सामने जिंकले. पुढे हात दुखावला तेव्हा आउटफिल्डमध्ये जाऊन बॅटर झाला, आणि असा झाला की मायनर लीगमधली त्याची एकूण होम रन भरली ४३२. तो दोन्ही बाजूंनी मारू शकत असे. मोठे क्लब विचारत, ओकलंडचे मालक भरमसाट किंमत सांगत, सौदा फिसकटे. १९३० मध्ये ब्रुकलिनशी बोलणे पक्के होत आले होते. नेमकी तेव्हा पंचाशी हुज्जत झाली, पंचाने हातातला मास्क त्याच्या तोंडावर मारला, डोळ्याजवळ जखम झाली आणि ब्रुकलिनने त्याच्याऐवजी आयक बूनला नेले. अखेर १९३१ मध्ये फिलाडेल्फियाकडून तो एकच मेजर हंगाम खेळला, वयाच्या बत्तिशीत. सरासरी .३१३, होम रन १८. त्याचे क्षेत्ररक्षण जड होते हेही खरे. पुढच्या वर्षी बाल्टिमोरकडून, म्हणजे दुसऱ्या एका मायनर लीगमध्ये, त्याने एका सामन्यात चार होम रन मारली. पाच आठवड्यांत पुन्हा एकदा तेच केले. १९८४ मध्ये अमेरिकन बेसबॉल संशोधकांच्या संस्थेने मायनर लीगचा सर्वकालीन श्रेष्ठ खेळाडू निवडला तो आर्लेट.

जो डिमॅजिओ इथे कशासाठी?

१९३३ च्या उन्हाळ्यासाठी. डिमॅजिओ कुटुंब इटालियन कोळ्यांचे, सॅन फ्रान्सिस्कोत वाढलेले. थोरला व्हिन्स आधीच सील्सकडे होता, त्याच्या शब्दावर धाकट्याला संधी मिळाली. पहिला पूर्ण हंगाम, वय अठरा, आणि २८ मे ते २५ जुलै सलग ६१ सामन्यांत किमान एक हिट. लीगचा आधीचा विक्रम ४९ सामन्यांचा, १९१५ मध्ये ओकलंडच्या जॅक नेसचा. ही मालिका तोडली ओकलंडच्याच एड वॉल्श धाकट्याने. थोरला वॉल्श म्हणजे मेजर लीगचा नामांकित पिचर.

जगाला ठाऊक आहे ती १९४१ मधली यांकीजकडची ५६ सामन्यांची मालिका. तिच्यावर पुस्तके आहेत, गाणी आहेत. सॅन फ्रान्सिस्कोच्या म्हाताऱ्या मंडळींना विचारले तर ती दुसरी मालिका.

१९३४ मध्ये त्याचा गुडघा दुखावला आणि बऱ्याच क्लबांनी हात आखडता घेतला. यांकीजने २५ हजार डॉलर आणि पाच खेळाडू देऊन त्याला घेतले, पण आणखी एक हंगाम सील्सकडेच ठेवायचा या अटीवर. त्या १९३५ च्या हंगामात त्याची सरासरी .३९८. यांकीजच्या इतिहासातला हा सर्वांत स्वस्त सौदा असावा.

टेड विल्यम्सही इथलाच ना?

पुढे मेजर लीगचा महान बॅटर झालेला हा सान डिएगोचा. शाळेतून थेट तिथल्या पाड्रेझ संघात, १९३६ आणि १९३७ असे दोन हंगाम. तेव्हा त्याचा मॅनेजर कोण? आधी ज्याची गोष्ट सांगितली तोच शेलेनबॅक.

लेफ्टी ओ’डूल कूपरस्टाउनमध्ये नाही, मग एवढे नाव कसे?

तो तिथे नाही ही कूपरस्टाउनची अडचण आहे. मेजर लीगमध्ये त्याने सरासरीत दोनदा पहिला नंबर मिळवला, १९२९ मध्ये तर .३९८ आणि २५४ हिट्स. पण उशिरा बॅटर झाल्यामुळे मोठ्या कारकिर्दीला वर्षे कमी पडली. किनाऱ्यावर मात्र १९३५ ते १९५१ अशी सतरा वर्षे तो सील्सचा मॅनेजर होता, शहरातल्या लोकांना महापौराच्या आधी त्याचा चेहरा ओळखू येई.

आणि जपान. १९३१ पासून तो तिकडे शिकवायला, खेळायला जात होता. युद्ध झाले, शहरे बेचिराख झाली, आणि १९४९ च्या शरदात तो सील्सचा संघ घेऊन जपानला गेला. चार वर्षांपूर्वीचे शत्रू एकाच मैदानात आणि गच्च भरलेले प्रेक्षागृह. मेजर लीगचा नव्हे, मायनर लीगचा संघ हे काम करून आला. जपानने २००२ मध्ये आपल्या बेसबॉल हॉल ऑफ फेममध्ये त्याला जागा दिली.

कृष्णवर्णीय खेळाडूंचे काय?

इथला इतिहास अभिमानाने सांगण्यासारखा नाही. १९१६ मध्ये ओकलंडने जिमी क्लॅक्सटन नावाचा पिचर घेतला. अमेरिकेतल्या मूळ रहिवाशांच्या वंशाचा म्हणून त्याची ओळख करून दिली होती. एका दिवसातल्या दोन सामन्यांत तो थोडा थोडा खेळला. त्याचे पूर्वज आफ्रिकन वंशाचेही आहेत हे कळल्यावर क्लबने लगेच त्याला काढले. योगायोग असा की त्याच दिवसांत खाऊच्या पुड्यांतल्या कार्डांसाठी छायाचित्रकार आला होता. क्लॅक्सटनचे कार्ड छापले गेले, आणि ते राहिले.

त्यानंतर बत्तीस वर्षे शुकशुकाट. ३० मार्च १९४८ ला सान डिएगोचाच मुलगा, कॅचर जॉन रिची, पाड्रेझकडून उतरला. आदल्या वर्षी जॅकी रॉबिन्सनने ब्रुकलिनमध्ये कृष्णवर्णीयांसाठी मेजर लीगची वाट मोकळी केली होती. त्या हंगामात रिचीची सरासरी .३२३. १९४९ मध्ये सान डिएगोत ल्यूक ईस्टर आला आणि ८० सामन्यांत २५ होम रन मारून गेला. ओकलंडचा आर्टी विल्सन त्या वर्षी .३४८ सरासरीने लीगमध्ये पहिला आला. दरवाजा उघडताच ही माणसे आत आली, म्हणजे ती बाहेर तयारच उभी होती. आधीच्या साडेचार दशकांतले विक्रम वाचताना हे विसरू नये.

स्टीव्ह बिल्को हे नाव कॅलिफोर्नियातले म्हातारे एवढे हसत का घेतात?

कारण तो त्यांचा शेवटचा लाडका. अंगाने अगडबंब, स्वभावाने गरीब. लॉस एंजेलिस एंजल्सकडून १९५५, १९५६ आणि १९५७ अशी सलग तीन वर्षे तो लीगचा सर्वोत्तम खेळाडू ठरला. १९५६ मध्ये .३६० सरासरी, ५५ होम रन, १६४ धावांची वसुली, तिन्हींत पहिला. पुढच्या वर्षी ५६ होम रन. तेव्हा दूरचित्रवाणी आली होती, शहरातल्या पोरांनी त्याला घरबसल्या पाहिले. मेजर लीगमध्ये त्याचे तितके जमले नाही. पण १९६१ मध्ये एंजल्स नावाचा नवा मेजर क्लब त्याच जुन्या रिग्ली फील्डवर खेळू लागला तेव्हा बिल्को त्यात होता, आणि त्या मैदानावरची शेवटची होम रन त्याचीच.

मालक आणि मॅनेजर लोकांच्या गमती ऐकल्या आहेत. खऱ्या किती?

हॉलीवूड स्टार्सच्या बऱ्याच खऱ्या. ब्राउन डर्बी या रेस्टॉरंटचा मालक बॉब कॉब याने हा क्लब चालवला. कॉब सॅलड म्हणतात तो हाच कॉब. गॅरी कूपर, बिंग क्रॉसबी, बार्बरा स्टॅनविक, सेसिल बी. डेमिल अशी मंडळी भागधारक होती. १९५० मध्ये या संघाने चक्क आखूड चड्ड्या घालून सामने खेळले. उकाड्यावर उपाय आणि वेग वाढेल असा दावा. मातीवर घसरत बेस गाठायच्या खेळात उघडे गुडघे! प्रतिस्पर्ध्यांनी काय टोमणे मारले असतील ते सांगायला नको.

ओकलंडमध्ये १९४६ ते १९४८ केसी स्टेंगल मॅनेजर होता. वयस्क खेळाडूंची मोट बांधून त्याने १९४८ ला लीग जिंकली. त्या म्हाताऱ्यांत एक पोरगा होता, बिली मार्टिन. पुढच्याच वर्षी यांकीजने स्टेंगलला उचलले.

१९५७ नंतर नेमके काय झाले?

जेट विमाने आली, आणि १९५८ मध्ये ब्रुकलिनचे डॉजर्स लॉस एंजेलिसला व न्यूयॉर्कचे जायंट्स सॅन फ्रान्सिस्कोला आले. एका हंगामात लीगचे तीन खांब उपटले गेले. एंजल्स स्पोकेनला, स्टार्स सॉल्ट लेक सिटीला, सील्स फीनिक्सला गेले.

त्याआधी लीगने स्वतः तिसरी मेजर लीग व्हायचा प्रयत्न केला होता. अध्यक्ष पँट्स रोलंड यांनी महायुद्धानंतर जोर लावला. १९५२ मध्ये ‘ओपन’ असा खास दर्जा मिळाला, जो इतर कोणत्याही मायनर लीगला कधी मिळाला नाही. पण तो उंबरठ्यापर्यंतच होता. मेजर लीगच्या मालकांना पश्चिमेची बाजारपेठ वाटून घ्यायची नव्हती, ती स्वतःच हवी होती.

ज्या शहरांनी हा वारसा जपला असता तिथेच लीग उरली नाही, मग हॉल ऑफ फेमकडे कोण बघणार? नंतर ही लीग होनोलुलूपर्यंत गेली, आणि १९९८ च्या फेररचनेत तर नॅशव्हिल आणि मेम्फिससुद्धा तिच्यात आले. नकाशा काढून मेम्फिसपासून पॅसिफिक किती लांब ते बघा. २०२१ मध्ये एक वर्ष तिचे नावच काढून ‘ट्रिपल-ए वेस्ट’ ठेवले (ट्रिपल-ए म्हणजे मायनर लीगमधला सर्वांत वरचा स्तर). २०२२ मध्ये जुने नाव परत मिळाले.

बघायला जायचे तर कुठे?

तिकीट काढून आत शिरावे असे संग्रहालय हे नाही, मुख्यतः ती नावांची यादी आहे. पण जुन्या जागा फिरता येतात, आणि बे एरियातल्या, म्हणजे सॅन फ्रान्सिस्कोच्या परिसरातल्या, मराठी मंडळींना तर त्या रोजच्या रस्त्यावर आहेत. सॅन फ्रान्सिस्कोत सोळावा रस्ता आणि ब्रायंट यांच्या कोपऱ्यावर सील्स स्टेडियम होते. जायंट्स पहिली दोन वर्षे तिथेच खेळले, १९५९ मध्ये ते पाडले. आता दुकाने आहेत. जायंट्सच्या आजच्या मैदानाशेजारच्या पुलाला लेफ्टी ओ’डूलचे नाव आहे. एमरीव्हिलला ओक्स पार्क होते, त्या भागात आज पिक्सार हा अ‍ॅनिमेशन स्टुडिओ आहे. लॉस एंजेलिसमध्ये रिग्ली फील्ड १९६९ मध्ये पाडले. कल्व्हर सिटीतली हेल्म्स बेकरीची इमारत मात्र उभी आहे, आत फर्निचरची दुकाने.

जुनी झी-नट कार्डे घ्यावीत का?

सॅन फ्रान्सिस्कोच्या एका मिठाई कंपनीने १९११ ते १९३८ पर्यंत खाऊबरोबर या लीगच्या खेळाडूंची ही कार्डे दिली. खाली एक कुपन असे, ते कापून दिले की बक्षीस. पोरांनी अर्थातच कापले. म्हणून कुपन शाबूत असलेले कार्ड महाग. डिमॅजिओचे किंवा क्लॅक्सटनचे कार्ड कोणी स्वस्तात देऊ केले तर खिशात हात घालू नका.

आजची पॅसिफिक कोस्ट लीग कुठे बघता येईल?

दहा संघ आहेत. सॅक्रामेंटो, टॅकोमा, सॉल्ट लेक ही जुन्या वळणाची नावे. बाकी रीनो, लास व्हेगस, अल्बुकर्की, एल पासो, ओक्लाहोमा सिटी, आणि टेक्सासमधली राउंड रॉक व शुगर लँड. ऑस्टिन आणि ह्यूस्टनच्या मराठी घरांना शेवटची दोन हाकेच्या अंतरावर. तिकीट मेजर लीगच्या मानाने बरेच स्वस्त, मैदान लहान, त्यामुळे मुलांना खेळाडू अगदी जवळून दिसतात. हंगाम मार्चअखेर सुरू होतो आणि सप्टेंबरात संपतो. पाहुणा संघ मंगळवार ते रविवार एकाच गावात मुक्काम करून सहा सामने खेळतो. आठवडाभर एकाच ठिकाणी खेळायची ही पद्धत लीगमध्ये आगगाडीच्या काळापासून होती. सोमवारी जाऊ नका, सहसा सुट्टी असते.